तोफखान्याचा योगक्षेम

१. आंकड्यांचा मोह

मराठ्यांच्या एखाद्या लढाईचें वर्णन हातीं घेतलें म्हणजे वाचकाची दृष्टि प्रथम आंकड्यांकडे जाते. घोडा किती, पायदळ किती, तोफा किती, हें कळलें कीं उभय पक्षांच्या बळाचें माप मिळालें असें त्यास वाटतें. बखरकार आंकडे सढळ हातानें देतात, आणि इंग्रज ग्रंथकार तर जिंकलेल्या तोफांची मोजदाद आवर्जून करतात. परंतु तोफांची संख्या हें तोफखान्याच्या बळाचें माप नव्हे. ज्या तोफेस दारू नाहीं ती पितळेचा ओंडका होय. जिला ओढावयास बैल नाहींत ती वाटेंतील धोंड होय. आणि जिच्या नळीच्या मापाचे गोळे बरोबर नाहींत ती शत्रूस आयती मिळणारी लूट होय. तोफ मिळविण्यास पैसा एकदां लागतो. ती तोफ म्हणून राखण्यास तो रोज लागतो.

संस्कृतांत ‘योगक्षेम’ असा एक जोडशब्द आहे. जें आपणांजवळ नाहीं तें मिळविणें हा योग, आणि जें मिळालें तें राखणें हा क्षेम, असें भाष्यकार त्याचें विवरण करतात. हल्लीं व्यवहारांत आपण हा शब्द केवळ पोटापाण्याच्या अर्थानें वापरतों, त्यामुळें त्यांतील दोन पदांचा भेद लक्षांत राहत नाहीं. हा द्वंद्व समास आहे, आणि द्वंद्वांत दोन्ही पदें सारखींच प्रधान असतात, हें शाळेंतील मुलांस आम्ही पुष्कळ वर्षें शिकवीत आलों. राज्यकर्त्यांस मात्र हा नियम शिकावयास कित्येकदां एखादी मोहीम गमवावी लागली आहे.

प्रस्तुत लेखांत मराठी तोफखान्याच्या उदाहरणानें इतकेंच दाखवावयाचें आहे, कीं तोफेचा क्षेम हा योगाच्या मागून यावयाचा नसून, योगाचा विचार चालू असतांनाच त्याची बेगमी करावी लागते. आणि ती बेगमी झाली होती कीं नव्हती, हें सांगणारा पुरावा राजकारणी पत्रांत थोडा व हिशेबी कागदांत फार आहे. त्या हिशेबी कागदांविषयीं संग्राहक बंधूंशीं चार शब्द बोलावे, हा लेखाचा खरा हेतु.

२. कौटिल्याचा आयुधागाराध्यक्ष

कौटिल्याच्या अर्थशास्त्राची पोथी इ. स. १९०५ च्या सुमारास तंजावर प्रांतांतील एका पंडिताकडून म्हैसूरच्या सरकारी ग्रंथालयांत आली, आणि आर. शामशास्त्री यांनीं १९०९ सालीं तो ग्रंथ छापून प्रसिद्ध केला. या ग्रंथाच्या दुसऱ्या अधिकरणांतील अठरावा अध्याय आयुधागाराध्यक्षाचा, म्हणजे शस्त्रांच्या कोठारावरील अधिकाऱ्याचा आहे. त्यांत शस्त्रांचीं नांवें पुष्कळ आहेत, व अभ्यासकांचें लक्ष बहुधा तेथेंच गुंतून पडतें. आम्हांस त्या नांवांपेक्षां अध्यायाचा आरंभ व शेवट हे अधिक महत्त्वाचे वाटतात.

आरंभीं कौटिल्य सांगतो, कीं त्या त्या कामांत निष्णात अशा कारागिरांकडून यंत्रें व शस्त्रें करवून घ्यावीं, आणि तीं करवून घेतांना काम किती, वेळ किती, वेतन किती व तयार माल किती हें आधीं ठरवावें. माल तयार झाला म्हणजे तो योग्य जागीं ठेवावा. तेवढ्यानें काम संपत नाहीं. त्याची जागा वारंवार बदलावी, त्यास ऊन व वारा द्यावा. उष्म्यानें, ओलीनें किंवा किडीनें जें बिघडूं लागलें असेल तें निराळ्या रीतीनें ठेवावें. आणि प्रत्येक वस्तूची जात, रूप, खूण, माप, ती आली कोठून, तिचें मोल काय व ती ठेविली कोठें, हें सर्व ज्ञात असावें. अध्यायाच्या शेवटीं तो पुन्हां बजावतो, कीं मागणी किती आहे, काम सुरू केव्हां झालें व पुरें केव्हां झालें, माल कोठें लागला, लबाडी कोठें झाली, झीज किती व खर्च किती, हें या अधिकाऱ्यानें जाणलें पाहिजे.

कौटिल्याच्या काळीं तोफ नव्हती, हें सांगावयास नको. पण मागणीपासून झिजेपर्यंतचे हे प्रश्न ज्या क्रमानें त्यानें मांडले आहेत, तो क्रम तोफेसहि जसाच्या तसा लागू पडतो. पुढें जें उदाहरण येईल त्यास याच प्रश्नांची कसोटी लावावी, अशी वाचकांस विनंती आहे.

३. शिवशाहींतील व्यवस्था व आज्ञापत्र

सभासदाच्या बखरींत शिवछत्रपतींच्या अठरा कारखान्यांची जी यादी आहे, तींत तोफखाना व दारूखाना हे दोन स्वतंत्र कारखाने म्हणून येतात. ही विभागणी नुसती नांवाची नव्हे. तोफेचा शत्रु गंज, तर दारूचे शत्रु ओल व ठिणगी. दोहोंची राखण निराळी, दोहोंची माणसें निराळीं, आणि म्हणून दोहोंचा हिशेबहि निराळा. शिवाय गडावर हवालदार, सरनोबत व सबनीस यांच्या जोडीला कारखानीस असे, व दाणागोटा आणि लढाऊ सामान यांची जमाबाकी त्याच्याकडे असे. शस्त्र चालविणारा एक, व शस्त्राचा सांठा सांभाळणारा दुसरा, अशी ही योजना होती.

परकी शस्त्राबरोबर परकी माणूसहि येतो, हें महाराजांस १६६० सालींच पाहावयास मिळालें. सिद्दी जोहारानें पन्हाळ्यास वेढा घातला असतां राजापूरच्या इंग्रज वखारीचा प्रमुख हेन्री रेव्हिंग्टन हा उखळी तोफ व तिचे कुलपी गोळे घेऊन स्वतः तेथें गेला, व इंग्रजी निशाणाखालीं त्यानें ते गोळे गडावर टाकले. माल विकणाऱ्यानेंच तो चालवून दाखविला. महाराजांनीं पुढें १६६१ सालीं राजापूरची वखार लुटून त्या इंग्रजांस कैदेंत घातलें, हें प्रसिद्धच आहे. शस्त्राचें ज्ञान विक्रेत्याच्या हातीं राहिलें तर शस्त्र कोणाचें, हा प्रश्न तेव्हांपासूनच उभा होता. त्याचा शेवट पुढें सातव्या कलमांत पाहावयास मिळेल.

रामचंद्रपंत अमात्यांचें आज्ञापत्र इ. स. १७१५–१६ च्या सुमारचें. त्यांतील दुर्गप्रकरण राजनीतीचा ग्रंथ म्हणून वाचलें जातें; परंतु त्यांतला मोठा भाग कोठाराच्या व्यवस्थेचा आहे. दारूखाना वस्तीपासून दूर बांधावा. दारू तळघरांत भांड्यांतून ठेवावी. तीस ओल लागूं देऊं नये. आठपंधरा दिवसांनीं हवालदारानें जातीनें येऊन दारू, बाण इत्यादि जिन्नस बाहेर काढवावे, त्यांस ऊन द्यावें, व पुन्हां आपल्या मुद्रेनिशीं बंद करावे, असें तेथें सांगितलें आहे. तोफांचे गाडे मजबूत असावे, त्यांस लोखंडी पट्ट्या असाव्या. तोफेजवळ तिची दारू, तिचे गोळे, ठासण्याचे गज व काना साफ करण्याचीं हत्यारें तयार असावीं. पावसाळा आला म्हणजे तोफांस तेल व मेण द्यावें, काने मेणानें बुजवावे व वर आच्छादन घालावें. आरमाराच्या प्रकरणांत तर अमात्य याहून मागें, थेट झाडापर्यंत जातात. जहाजांस लांकूड लागतें, पण रयतेचे आंबे व फणस तोडूं नयेत, कारण तीं झाडें वर्षादोनवर्षांत होत नाहींत. जीर्ण झालेलें झाड हवें असल्यास धन्यास राजी करून, मोल देऊन घ्यावें, असें त्यांचें सांगणें आहे.

कौटिल्याचें ऊनवारा देणें व अमात्यांचें आठपंधरा दिवसांनीं उष्ण देणें यांमध्यें कैक शतकांचें अंतर आहे. अमात्यांनीं अर्थशास्त्र वाचलें होतें असें म्हणावयास आधार नाहीं. ज्यानें ज्यानें कोठार सांभाळलें, त्यास तोच नियम सांपडला, एवढाच याचा अर्थ.

४. एका तोफेचा हिशेब

आतां तोफ गडावरून उतरवून मोहिमेस काढूं. वाचकांस कल्पना यावी म्हणून एक काल्पनिक हिशेब मांडतों. तो कोणत्याहि कागदांतला नाहीं, केवळ अंकगणित आहे. नऊ शेर वजनाचा गोळा टाकणारी एक तोफ घ्या. दारू गोळ्याच्या वजनाच्या तिसऱ्या हिश्श्याची धरली तर एका बारास तीन शेर लागेल. वेढ्यांत दिवसास पन्नास बार काढावयाचे म्हटले तर रोज दारू दीडशें शेर, म्हणजे पावणेचार मण, व लोखंड साडेचारशें शेर, म्हणजे सव्वाअकरा मण झालें. दोन्ही मिळून रोजचे पंधरा मण. महिनाभराचे साडेचारशें मण. पाठीवर ओझें नेणाऱ्या बैलास तीन मण धरले, तर या एका तोफेच्या महिन्याच्या खुराकास दीडशें बैल पाहिजेत. हे बैल तोफ ओढणारे नव्हत, ते निराळे. या सर्व बैलांस वैरण पाहिजे, ती वाहून न्यावयाची तर आणखी बैल पाहिजेत, आणि त्यांसहि वैरण पाहिजेच. म्हणून कूच नेहमीं गवताच्या व पाण्याच्या बेतानें होई.

माणसांचेंहि तसेंच. गोलंदाज हा सर्वांच्या डोळ्यांपुढें असतो. परंतु त्याच्यामागें गाडा दुरुस्त करणारा सुतार, धाव बसविणारा लोहार, चामड्याचें काम करणारा चांभार, पाण्याचा पखालजी, ओढ्यानाल्यांच्या दरडी कापून वाट करणारे बेलदार, एवढा गोतावळा चालत असे. यांतला एक कमी झाला तर तोफ थांबते. पानिपतावर १७६० च्या हिवाळ्यांत असेंच झालें. इब्राहीमखान गारद्याच्या ज्या तोफखान्यानें त्याच वर्षाच्या आरंभीं उदगिरास निजामाची रग जिरविली, तो तोच होता, व तोफाहि होत्या. परंतु डिसेंबरांत गोविंदपंत बुंदेले मारले गेल्यावर रसदेचा मार्ग तुटला, आणि उपाशी माणसें व उपाशी जनावरें घेऊन १४ जानेवारी १७६१ रोजीं छावणीबाहेर पडावें लागलें. त्या दिवशीं तोफांचा आंकडा विचारणें व्यर्थ आहे. चाऱ्याचा विचारला पाहिजे.

५. पेशव्यांचा तोफखाना

पेशव्यांच्या तोफखान्याचा कारभार पानसे घराण्याकडे होता. सासवडजवळ सोनोरीचा मल्हारगड यांनींच १७५७ ते १७६० च्या दरम्यान बांधला. थोरल्या माधवरावांच्या कारकीर्दींत, १७६५–६६ च्या सुमारास, जुन्नर प्रांतीं ओतूरजवळ आंबेगव्हाण येथें तोफेचे गोळे तयार करण्याचा कारखाना घालण्यांत आला, व पुढें पुण्यासहि तशी सोय झाली. पानिपतानंतर अवघ्या चारपांच वर्षांत, राज्य कर्जानें वांकलें असतां, नवी तोफ घेण्याऐवजीं गोळ्यांच्या कारखान्याकडे लक्ष देणाऱ्या त्या तरुण पेशव्याची दृष्टि किती खोल होती, हें येथें नमूद केलें पाहिजे.

तथापि एक अडचण अशी होती, कीं ती कोणत्याहि एका कारखान्यानें सुटण्याजोगी नव्हती. मराठ्यांच्या तोफा एका सांच्यांतल्या नव्हत्या. कांहीं मोंगलांकडून हस्तगत झालेल्या, कांहीं १७३९ सालीं वसईस पोर्तुगीजांकडून मिळालेल्या, कांहीं टोपीकरांकडून विकत घेतलेल्या, कांहीं घरीं ओतलेल्या. प्रत्येकीची नळी निराळी. एक तोफ मिळाली म्हणजे यादींतला आंकडा एकानें वाढे. पण तिच्याबरोबर गोळ्याचें एक नवें माप, गजाचें एक नवें माप व गाड्याचा एक नवा घाट घरांत येई. शिवाय देशी भट्टींत लोखंडाचा ओततां येण्याजोगा रस होत नसे, म्हणून गोळे घणानें ठोकून घडवावे लागत. असा गोळा पुरता वाटोळा व गुळगुळीत होणें कठीण, आणि खडबडीत गोळा नळीस खाऊन टाकतो. मालाचेंहि तेंच. शोरा खारवट मातीपासून देशांतच निघे, कोळसा हवा तितका मिळे. पण गंधक मुख्यतः समुद्रमार्गें बाहेरून यावयाचा, आणि तांबेंहि बहुतेक बंदरांवरूनच वर चढावयाचें. म्हणजे घाटावरील तोफेचा प्राण कोंकणांतल्या बंदरांत गुंतलेला होता.

काळाचीहि एक मर्यादा होती. दसऱ्यास मोहीम निघावी व मृगाच्या सुमारास छावणीस परतावें, हा मराठी फौजेचा शिरस्ता. मधले पावसाळ्याचे चार महिने हेच गाडे, चाकें व दारू यांच्या नव्या बेगमीचे दिवस. हिशेबी साल मृगापासून धरीत, हें येथें लक्षांत ठेवण्याजोगें आहे. पावसाळ्यांत ज्याची तरतूद झाली नाहीं, त्याची उणीव माघांत शत्रूच्या तटाखालीं उघडी पडे.

६. धारवाडचा वेढा : आळस कीं काटकसर?

ही उणीव कशी उघडी पडते, याचें ठळक उदाहरण म्हणजे परशुरामभाऊ पटवर्धनांनीं धारवाडास घातलेला वेढा. टिपूवरील त्रिवर्ग मोहिमेंत भाऊ सप्टेंबर १७९० मध्यें धारवाडापुढें आले. सोबत कॅप्टन लिटल याच्या हाताखालीं मुंबईकर इंग्रजांच्या पलटणी होत्या. किल्लेदार बद्रुज्जमाखान शूर व चिवट होता. तट पाडण्याचें काम मुख्यतः भाऊंच्या तोफांवर, आणि त्या तोफांस लागणारी दारू पुण्याहून थोडथोडी येत असे. वर्षाच्या अखेरीस कर्नल फ्रेडरिक नवी कुमक घेऊन आला. ७ फेब्रुवारी १७९१ रोजीं त्यानें केलेला हल्ला फसला, व मार्चांत तो तेथेंच वारला. एप्रिलच्या आरंभीं किल्लेदारानें तह करून किल्ला दिला. सहा महिन्यांहून अधिक काळ एका किल्ल्यापुढें गेला.

लिटलच्या तुकडींत एडवर्ड मूर नांवाचा एक तरुण अधिकारी होता. त्यानें या मोहिमेची हकीकत लिहून १७९४ सालीं लंडनास प्रसिद्ध केली. त्यांत मराठी गोलंदाजांची जी थट्टा आहे ती पुढें अनेकांनीं उचलली. एक बार काढावा, तोफ भरून ठेवावी, मग सर्वांनीं बसून गुडगुडी ओढावी, गप्पा माराव्या, आणि अर्ध्या तासानें दुसरा बार काढावा. दोनप्रहरीं उभय पक्षीं विश्रांति. रात्रीं तोफा मोर्चांतून परत छावणींत, तोंवर शत्रूनें पडलेला तट पुन्हां चढविलेला, असा हा प्रकार मूर वर्णितो.

आतां प्रश्न असा. हा आळस कीं काटकसर? ज्या गोलंदाजास दिवसाकांठीं वीसच बारांची दारू मिळते, त्यानें ते वीस बार सकाळीं तासाभरांत उडवून मग स्वस्थ बसावें, कीं अर्ध्या अर्ध्या तासानें एकेक काढून शत्रूस दिवसभर जागें ठेवावें? दारू पुण्याहून अपुरी येत होती, हें स्वतः इंग्रज ग्रंथकारच सांगतात. मग मंद माऱ्याचें कारण ते माणसांच्या स्वभावांत कां शोधतात? उलटपक्षीं, आम्ही आपल्या लोकांची वकिली करावयास बसलों नाहीं. रात्रीं तोफा माघारीं नेण्याचा दोष दारूच्या टंचाईनें झांकतां येत नाहीं. तो दोष व्यवस्थेचाच.

या वादाचा निकाल विशेषणांनीं लागणार नाहीं. पुण्याहून अमुक मितीस इतकी दारू निघाली, अमुक मितीस इतकी पोंचली, वाटेंत इतकी भिजली, आणि रोज इतकी मोर्चांत दिली, असे रुजुवातीचे कागद मिळाले तरच तो लागेल. वासुदेवशास्त्री खरे यांनीं पटवर्धनी दप्तरांतील पत्रव्यवहार ‘ऐतिहासिक लेखसंग्रहां’त छापून आपणां सर्वांस ऋणी करून ठेविलें आहे. शास्त्रीबोवा मिरजेच्या शाळेंत संस्कृतचे शिक्षक होते. शिक्षकी पेशांतील माणसास त्यांचें नांव घेतांना अभिमान वाटतो. त्या पत्रांशेजारीं ठेवावयास बारुदखान्याचे हिशेब पाहिजेत. आमच्या पूर्वजांची अब्रू, बरी कीं वाईट, अशा चिठोऱ्यांवर अवलंबून आहे.

७. आग्र्याचा कारखाना व १८०३ साल

महादजी शिंद्यांनीं या सर्व अडचणी ओळखल्या होत्या असें दिसतें. १७८४ सालीं त्यांनीं दि बॉयन यास चाकरीस ठेवून कवायती पलटणी उभारल्या. आणि पलटणींबरोबर तिच्या पोषणाचीं तीन साधनें निर्माण केलीं. पहिलें, आग्र्याचा कारखाना. तेथें सँग्स्टर नांवाच्या स्कॉटिश कारागिराच्या देखरेखीखालीं तोफा ओतल्या जात व बंदुका तयार होत. दुसरें, एकसारखेपणा. तोफा एका कारखान्यांत एका पद्धतीनें होऊं लागल्या म्हणजे गोळा, गज व गाडा यांचीं मापें आपोआप ठरतात. तिसरें, नेमलेला पैसा. या पलटणींच्या खर्चासाठीं अलीगडच्या आसपासचा दुआबांतील सुपीक मुलूख जायदाद म्हणून लावून दिला. त्यामुळें पगार व सामान यांसाठीं दरबाराच्या तोंडाकडे पाहण्याचें कारण उरलें नाहीं. १७९० सालीं पाटण व मेडता येथें जे विजय मिळाले, त्यांचें बीज या व्यवस्थेंत आहे.

मग १८०३ सालीं काय झालें? तोफा वाईट होत्या म्हणून असई गेली, असें कोणासहि म्हणतां येणार नाहीं. २३ सप्टेंबर १८०३ रोजीं असईस इंग्रजांनीं ९८ तोफा घेतल्या, व त्यांतील पितळी तोफांची आर्थर वेलस्लीनें आपल्या पत्रांत मुक्तकंठानें प्रशंसा केली. योग उत्तम साधला होता. क्षेम मात्र परक्यांच्या हातीं राहिला होता. लढाई सुरू होतांच इंग्रज सरकारनें जाहीरनामा काढून शिंद्यांच्या चाकरींतील आपल्या लोकांस फोडलें. ४ सप्टेंबरास अलीगड पडलें. तेथें हल्ला करणाऱ्यांस वाट दाखविणारा लूकन हा शिंद्यांची चाकरी नुकतीच सोडून गेलेला इंग्रज होता. त्याच सुमारास सेनापति पेरोन यानेंहि इंग्रजांचा आश्रय घेतला. तोफ ओतावी कशी, पलटण हलवावी कशी, हें ज्यांस ठाऊक तेच निघून गेले. गोलंदाज मात्र असईस तोफेजवळ मरेपर्यंत उभे राहिले, ही साक्ष शत्रूनेंच दिली आहे. माणसांनीं शौर्य दाखविलें; त्यांच्यामागची विद्या मात्र आपली झालेली नव्हती.

वेलस्लीची बाजू पाहिली म्हणजे चित्र पुरें होतें. त्याच्याजवळ तोफा थोड्या होत्या. परंतु टिपूच्या पाडावानंतर म्हैसूरचा अमृतमहाल, म्हणजे तोफा ओढण्यासाठीं हैदर व टिपू यांनीं जोपासलेला बैलांचा प्रसिद्ध कारखाना, इंग्रजांच्या हातीं आला होता, आणि त्या जातीचे बैल घेऊन वेलस्ली दक्षिणेंतून वर आला. १२ ऑगस्ट १८०३ रोजीं अहमदनगरचा किल्ला घेतल्यावर त्यानें तेथें आपलें कोठार केलें, व मगच तो पुढें सरकला. ज्याचे बैल ताजे व कोठार जवळ, त्याच्या थोड्या तोफाहि वेळेवर पोंचतात.

८. संग्राहकांस विनंती

वरील विवेचनाचें सार काढून संग्राहकांच्या उपयोगी पडेल अशा चार सूचना करतों.

पहिली. जुन्या दप्तरांत यादी, ताळेबंद, बेहेडा, हजिरी, कबज, गडाची झडती अशा मथळ्यांचे कागद आले तर ते ‘नुसते हिशेब’ म्हणून बाजूस सारूं नयेत. झडतींत गडावरील शिलकी सामान कळतें, बेहेड्यांत पुढील सालची तरतूद कळते, आणि ताळेबंदांत प्रत्यक्ष काय घडलें तें कळतें. तिन्ही एका ठिकाणीं मिळाल्यास योग व क्षेम यांतील अंतर मोजतां येतें.

दुसरी. सालाची ओळख ठेवावी. हिशेबी कागदावर शक बहुधा नसतो. अरबी शब्दांत सुहूर सन असतो. उदाहरणार्थ, ‘इहिदे तिसैन मया व अलफ’ म्हणजे सुहूर ११९१. त्यांत ५९९ मिळविले म्हणजे इ. स. १७९० चा मृग येतो, व तें साल १७९१ च्या मृगापर्यंत चालतें. धारवाडचा सबंध वेढा या एकाच सालांत पडतो. पटवर्धनी मुलुखांत या सनाचा दारू, शिसें, तेल, मेण, ताग किंवा बैल यांचा एखादाहि कागद सांपडला, तर तो सोन्याच्या मोलाचा समजावा.

तिसरी. बंद सोडून एकेक कागद निवडूं नये. हिशेबाच्या कागदाची किंमत त्याच्या शेजाऱ्यामुळें असते. पहिला बंद गेला तर सन जातो, शेवटचा गेला तर बेरीज जाते.

चौथी. नक्कल करतांना मण, शेर व रुपये यांचे मोडी आंकडे जसेच्या तसे उतरावे. अर्थ लागत नसल्यास अंदाजानें भरूं नयेत.

ही विनंती करण्याचा अधिकार आम्हांस आहे कीं नाहीं, याविषयीं आमच्याच मनांत शंका आहे. तिचें कारण सांगून लेख पुरा करतों. नोकरीच्या उमेदीच्या काळांत एका जुन्या घराण्यांतील गृहस्थांनीं आम्हांस आपल्या वाड्याच्या माडीवरील दप्तर मोठ्या विश्वासानें दाखविलें. त्यांत संस्कृत स्तोत्रांच्या दोन सुबक पोथ्या होत्या, कांहीं शिक्क्यांचीं पत्रें होतीं, आणि जाड दोऱ्यानें बांधलेले हिशेबाचे तीन रुमाल होते. पोथ्या आम्हीं नकलेसाठीं मागून घेतल्या, पत्रांचीं टिपणें केलीं, आणि रुमाल न सोडतांच परत ठेविले. त्या वेळीं आमचें वय व आमची संस्कृताची घमेंड दोन्ही मोठीं होतीं. पुढील वर्षीं दिवाळीच्या सुटींत पुन्हां गेलों, तेव्हां माडी गळल्यामुळें रुमाल भिजले होते, आणि भिजलेला कागद घरच्यांनीं न्हाणीच्या चुलीस लावला होता. चुलीशेजारीं एक पान उरलें होतें. त्यावर गाड्याचे आंख, तेल व बैलांची पेंड यांच्या नोंदी होत्या. सन नव्हता, गांव नव्हतें, बेरीज नव्हती. तो कागद पुरावा म्हणून आम्ही येथें देत नाहीं, कारण त्याला आदि नाहीं व अंतहि नाहीं. तो ज्या तीन रुमालांतला, ते आम्हीं हातीं धरून खालीं ठेविले होते.

त्या गृहस्थांस दोष देतां येत नाहीं. ज्यास आम्हीं मोल दिलें नाहीं, त्यास त्यांनीं तरी कां द्यावें? योग आमच्या दारीं चालून आला होता. क्षेम आमच्याकडून झाला नाहीं. ज्या संग्राहकांच्या माडीवर असे रुमाल अद्यापि आहेत, त्यांनीं येत्या मृगापूर्वीं ते एकदां खालीं उतरवावे, उन्हांत ठेवावे, व पुन्हां बांधण्यापूर्वीं पहिलें पान वाचून पाहावें, एवढीच प्रार्थना.